पटकथेत केबिन क्रू लिहिताना

गेल्या पावसाळ्यात माझ्या भाच्याने त्याच्या लघुपटाची पटकथा मला वाचायला दिली. पहिल्याच दृश्यात लिहिलं होतं, "एक देखणी हवाई सुंदरी हसत ट्रे घेऊन येते." मी बावीस वर्षं केबिन क्रू होते, त्यातली शेवटची नऊ पर्सर, म्हणजे क्रूची प्रमुख म्हणून. त्या ओळीत माझ्या कामातलं काहीच नव्हतं. भाच्यावर रागावले नाही. आपल्या भाषेत या कामाला नावच रूपावरून पडलंय. डोंबिवलीला रात्री अडीच वाजता पिकअपची गाडी यायची, तेव्हा जिन्यावरचे शेजारीही तोच शब्द बोलायचे. पुढचे तीन रविवार आम्ही दोघं ती पटकथा घेऊन बसलो. तेव्हा त्याला जे सांगितलं, तेच इथे लिहितेय.

आधी साल आणि विमान ठरवा. गोष्ट १९७०च्या दशकातली असेल, तर तेव्हाचे नियम बघा. एअर इंडियात नोकरीच्या पहिल्या चार वर्षांत लग्न केलं की नोकरी जायची, पहिल्या गरोदरपणातही जायची. निवृत्तीचं वय ३५, पुढची मुदतवाढ व्यवस्थापकीय संचालकांच्या मर्जीवर. तिथल्याच एक एअर होस्टेस नर्गीस मिर्झा यांच्या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने १९८१ साली गरोदरपणाची आणि मर्जीची अट रद्द केली, चार वर्षांची अट मात्र राहू दिली. त्या काळातली नायिका मंगळसूत्र पर्समध्ये लपवत असेल, तर त्यामागे तिचा पगार आहे. गोष्ट आजची असेल, तर कॉकपिटचं दार मजबूत आणि बंद असतं. आत जायचं तर आधी इंटरफोनवर बोलावं लागतं. दार ढकलून कॉफी घेऊन जाणारी मुलगी २००१ नंतरच्या गोष्टीत लिहू नका.

मग माणसं मोजा. दर ५० आसनांमागे किमान एक क्रू, म्हणजे १८० आसनांच्या विमानात चार जण. प्रत्येकाचं दार ठरलेलं, जागा ठरलेली. सिनेमात या मुली कुठूनही उगवतात आणि कुठेही उभ्या राहतात. तुम्ही कागदावर विमानाचा नकाशा काढा आणि कोण कुठे बसणार ते लिहा. चौघांत एक पुरुष ठेवा, आणि त्याला विनोदासाठी वापरू नका. प्रवासी हवाई वाहनावर हे काम करणारा पहिला माणूस, हाइनरिश कुबिस, पुरुषच होता. १९१२ साली तो झेपेलिन या जर्मन हवाई जहाजावर होता. विमानावरची पहिली स्त्री, एलेन चर्च, १९३० साली आली आणि ती प्रशिक्षित परिचारिका होती. आजारी प्रवाशाला सांभाळणं तेव्हापासून या कामात आहे.

प्रवासी चढण्याआधीचा तास हा तुमच्या हातातला सगळ्यात चांगला तास आहे, आणि पडद्यावर तो जवळपास दिसतच नाही. कुणी दारू प्यायलेलं नाही ना, यासाठी श्वासाची चाचणी होते. ब्रीफिंगमध्ये पर्सर प्रत्येकीला सुरक्षेचा प्रश्न विचारते. धूर दिसला तर आधी काय? पाण्यावर उतरलो तर तुझं दार वापरायचं की नाही? उत्तर आलं नाही तर त्या दिवशी उड्डाणावरून उतरवलं जातं. मी एका नव्या मुलीला असं उतरवलं होतं. ती रडत परत गेली. दुसऱ्या आठवड्यात आली ती सगळं तोंडपाठ करून. विमानात शिरल्यावर पहिलं काम ऑक्सिजनच्या बाटलीचा काटा बघणं, अग्निशामक जागेवर आहे का, मेगाफोन चालतो का, प्रथमोपचाराच्या पेटीचं सील शाबूत आहे का. लिपस्टिक त्याआधीच लावून झालेली असते.

दारात उभं राहून "नमस्कार" म्हणताना ती काय करते, ते नीट लिहा. ती बघत असते. कोण प्यायलंय, कोण लंगडतंय, कुणाच्या कडेवर तान्हं आहे, गरज पडली तर दार उघडायला कोण धडधाकट आहे. आखाताच्या एका उड्डाणावर नगरकडचे एक काका चढले. मुलाकडे पहिल्यांदाच निघाले होते. स्वेटर घातलेला, पण कपाळावर घाम, आणि जिन्याच्या शेवटच्या पायरीवर कठडा धरून थांबलेले. मी हसून तिकीट बघितलं आणि मागच्या सहकारिणीला हळूच सांगितलं, "चौदा सी वर लक्ष ठेव." विमान वर गेल्यावर वीस मिनिटांत त्यांचा चेहरा राखेसारखा झाला. ऑक्सिजनची बाटली तोवर तिच्या हातात होती. घोषणेनंतर पुढे आली ती केरळची एक नर्स. काका उतरताना व्हीलचेअरवर होते, पण शुद्धीत होते, आणि त्यांनी माझा हात धरून ठेवला होता. ही पटकथा असती तर सुरुवात त्या कठड्यापासून करा. कोसळण्यापासून केलीत तर तिचं काम दिसणारच नाही.

उड्डाणाच्या वेळी तिला जंपसीटवर, म्हणजे दाराजवळच्या क्रूच्या घडीच्या खुर्चीवर बसवा. खांद्यांचे पट्टे घट्ट, पाठ ताठ, हात मांडीखाली आणि तळवे वर. मनात तिची उजळणी चालू असते. माझं दार कुठलं, हँडल कुणीकडे फिरतं, बाहेर आग आहे का ते कुठून बघायचं, आधी कुठला शब्द ओरडायचा. अभिनेत्रीला सांगा, ती उजळणी खरंच करायची, प्रत्येक टेकऑफला आणि प्रत्येक लँडिंगला. १०,००० फुटांखाली सुरक्षेशिवाय दुसऱ्या कशासाठी वैमानिकांशी बोलत नाहीत, त्यामुळे त्या वेळातले प्रेमळ संवाद काढून टाका.

सेवेचं दृश्य लिहायचं असेल तर शरीर लिहा. सरळ उडतानाही विमानाचं नाक जरासं वर असतं, म्हणून पुढच्या बाजूला ट्रॉली ढकलणं म्हणजे चढ चढणं. लाल पेडलने ब्रेक, हिरव्याने सुटका. टाचांचे बूट विमानतळापुरते, आत सपाट चपला. पडद्यामागे उभ्या उभ्या दोन घास. हॉटेलातल्या मुक्कामात समुद्रकिनारा क्वचित, बहुतेकदा जाड पडदे ओढून घेतलेली झोप. माझ्या सुटकेसमध्ये कायम मेतकुटाची डबी असायची. कुठल्याही शहरात भात मिळाला की घरी असल्यासारखं वाटायचं.

प्रवाशाने हात लावला, घाणेरडं बोलला, हे दृश्य हसण्यावारी नेऊ नका. भारतात २०१७पासून अशा वागण्याचे तीन स्तर ठरलेले आहेत. शिवीगाळीला तीन महिन्यांपर्यंत विमानबंदी, अंगाला हात लावण्याला सहा महिन्यांपर्यंत, जिवाला धोका होईल अशा वागण्याला किमान दोन वर्षं. तिचा चेहरा दाखवा, मग ती पर्सरकडे जाते ते दाखवा, मग कागदावर लिहिलेली तक्रार दाखवा. मी अशा वेळी त्या मुलीला मागच्या गॅलीत, म्हणजे विमानातल्या स्वयंपाकघरात बसवून तिचा विभाग स्वतः घ्यायचे.

संकटाची दृश्यं सगळ्यात जास्त चुकतात. हवेत उंचावर कुणीही दार उघडू शकत नाही, आतल्या दाबाने ते घट्ट बसलेलं असतं. ऑक्सिजनचे मास्क खाली आले की ती धावत सुटत नाही. आधी स्वतःचा मास्क, मग मिळेल त्या जागी बसणं, वेळ आली तर प्रवाशाच्या मांडीवरही. मास्कमधला ऑक्सिजन सुमारे १२ ते १५ मिनिटं पुरतो, तेवढ्यात वैमानिक विमान खाली आणतो. जमिनीवर उतरल्यावर बाहेर काढायचं असेल, तर आवाज बदलतो. विमानाला परवाना मिळण्याआधी अर्धीच दारं वापरून ९० सेकंदांत सगळे बाहेर पडू शकतात हे सिद्ध करावं लागतं. त्या ९० सेकंदांत "कृपया" नसतं. "पट्टे सोडा! सामान सोडा! इकडून या!" एवढंच, छातीतून.

हा आवाज ऐकायचा असेल तर 'सली' (२०१६) बघा. जानेवारी २००९मध्ये हडसन नदीत उतरलेल्या विमानाची ती गोष्ट. क्रू एका सुरात "हेड्स डाउन, स्टे डाउन" (डोकं खाली, खालीच ठेवा) म्हणत राहतो, ते प्रत्यक्षातही तसंच झालं होतं. आणि हे लक्षात ठेवा की त्या विमानातल्या तिन्ही फ्लाइट अटेंडंट पन्नाशी ओलांडलेल्या होत्या. १५५ जण होते, सगळे वाचले. तुमच्या कथेत पंचावन्नची पर्सर का नाही, हा प्रश्न मी भाच्याला तीनदा विचारला.

दुसरा सिनेमा 'नीरजा', तोही २०१६चा. नीरजा भनोत मुंबईत वाढलेली, पॅन अॅम या अमेरिकन विमान कंपनीची सीनिअर पर्सर. ५ सप्टेंबर १९८६ला मुंबईहून आलेल्या विमानाचं कराचीत चार सशस्त्र माणसांनी अपहरण केलं. क्रूने कॉकपिटला सावध केलं, म्हणून वैमानिक वरच्या झडपेतून निसटले आणि विमान जमिनीवरच राहिलं. अपहरणकर्त्यांना अमेरिकन प्रवासी शोधायचे होते. पासपोर्ट गोळा करताना क्रूने अमेरिकन पासपोर्ट सीटखाली आणि कचरा टाकायच्या नळीत दडवले. सतरा तासांनी वीज गेली, अंधारात गोळ्या सुटल्या, आणि दारं उघडून माणसांना बाहेर काढण्यात आलं. नीरजाला गोळी लागली आणि ती गेली. दोन दिवसांनी तिचा तेविसावा वाढदिवस होता. तिला अशोकचक्र मिळालं, आणि ते तिचंच होतं. पण लिहिणाऱ्याने पासपोर्ट दडवणारे बाकीचे हातही बघावेत. खाणाखुणांनी, नजरेने, एकमेकींना न विचारता ते झालं. हे लिहायला संवाद लागत नाहीत. मी ते दृश्य बघताना थिएटरमध्ये रडले होते, कारण रोजच्या ब्रीफिंगमध्ये आम्ही तशाच एकमेकींकडे बघायचो.

लिहायला बसण्याआधी एकदा विमानाने जा. शक्य असेल तर पहिल्या रांगेतली अशी जागा घ्या, जिथून समोर जंपसीट दिसते. फोन खिशात ठेवा. धावपट्टीवर वेग वाढला की तिच्या डोळ्यांकडे बघा, मग मांडीखालच्या हातांकडे. तिला काही विचारू नका, ती तेव्हा दार उघडत असते.