केर्न्सच्या जंगलात फिरायला जाताय? जिम्पी-जिम्पी ओळखून ठेवा

ऑस्ट्रेलियातल्या क्वीन्सलँड राज्यात, केर्न्स शहराजवळचं रेनफॉरेस्ट बघायला जाणार असाल तर एका झुडपाचा फोटो आधीच नीट बघून ठेवा, जिम्पी-जिम्पी. पानं मोठी, पत्त्यातल्या बदामासारखी, कडेला करवतीचे दात आणि वरून मस्त मखमली लव, पण ती लव म्हणजे सिलिकाच्या पोकळ विषारी सुया! आपली खाजकुयली यापुढे काहीच नाही हो. जिथे ऊन पोचतं तिथे, म्हणजे नेमकं पायवाटेच्या कडेलाच उगवतं, त्यामुळे बूट, फुलपँट घालाच आणि वाळलेलं पानसुद्धा उचलू नका, तेही डसतं. लागलंच तर चोळायचं अजिबात नाही, सुया मोडून आतच राहतात, वॅक्सिंगची पट्टी चिकटवून खेचा आणि सरळ डॉक्टर गाठा. गार पाणी लागलं की दुखणं कधीकधी महिन्यांनीही परत उठतं.