लेखकावर जीव जडलाय? मग त्याला असं वाचा

एखाद्याचं वाचताना ‘हे याला कसं कळलं?’ असं सारखं वाटू लागलं की समजावं, जीव जडलाय. छान आहे ते, लाजू नका. पण अशा वेळी हमखास काय होतं, तर पुस्तक उशाशी राहतं आणि माणूस लेखकाचे फोटो नि मुलाखती धुंडाळत बसतो. महिनाभर मुलाखती बंद ठेवा.

आत भिडलेलं वाक्य वहीत उतरवून घ्या, मागच्या-पुढच्या वाक्यासकट आणि हातानेच. मग त्यातला एक शब्द बदलून मोठ्याने वाचा. उदाहरणार्थ, ‘बाबा गेल्यावर त्यांचा चष्मा कुणीच हलवला नाही.’ इथे ‘कुणीच’च्या जागी ‘माझ्या दोन्ही भावांनी’ घाला. लगेच ते दुसऱ्याचं घर होतं. मूळ वाक्यात वस्तू नेमकी आहे, माणसं मोघम. त्या मोकळ्या जागेत वाचक आपली माणसं बसवतो. अशी दहा वाक्यं तपासलीत की लेखकाची हातोटी दिसू लागते. त्याने प्रेम कमी होत नाही, उलट मुरतं.

सगळ्यात मोठी गल्लत ‘मी’ची. कथेतला किंवा कवितेतला ‘मी’ म्हणजे लेखक, असं धरून चालू नका. टिपणात ‘लेखक म्हणतो’ असं आलं की खोडून ‘निवेदक’ लिहा.

पुढे पुस्तकं प्रकाशनाच्या क्रमाने वाचा. साल पहिल्या आवृत्तीचं धरा, पुनर्मुद्रणाचं नव्हे. फसलेलं पुस्तक गाळू नका. हातोटी कुठे नुसती सवय झाली, ते तिथेच कळतं.

पत्र लिहायचं तर एक पान पुरे. एकच उतारा घ्या आणि त्यातलं काय भावलं ते नेमकं सांगा. रॉबर्ट ब्राउनिंगने जानेवारी १८४५ मध्ये इंग्रज कवयित्री एलिझाबेथ बॅरेटला पहिलं पत्र लिहिलं, त्यात कवितांमधलं संगीत, भाषेची श्रीमंती, कारुण्य असे गुण नावानिशी मोजले होते. पुढच्याच वर्षी त्यांचं लग्न झालं, पण तो दाखला स्वतःला लावू नका. तो स्वतः कवी होता आणि तिने आपल्या कवितेत त्याचं नाव आधीच घेतलं होतं. आपली जीवनकहाणी, भेटीची गळ, स्वतःचं हस्तलिखित यांतलं काही पत्रात नको. लिहिल्यावर दोन दिवस ठेवून पुन्हा वाचा, मग पाठवा. घरचा पत्ता शोधत बसू नका, प्रकाशकामार्फत पाठवा. त्यांचा पत्ता बहुधा पुस्तकाच्या सुरुवातीच्या पानांतच छापलेला असतो.