वेशीवरचा वीरगळ: दगड कसा वाचावा आणि त्याची गावकथा कशी नोंदवावी

महाराष्ट्रातील पुष्कळ गावांत मारुतीच्या पाराला टेकवून, वेशीच्या कडेला किंवा ओढ्याकाठच्या जुन्या देवळाच्या आवारात उभे कोरीव दगड दिसतात. त्यांतले पुष्कळसे वीरगळ, म्हणजे लढताना पडलेल्या वीराच्या स्मरणार्थ उभारलेले दगड असतात. कोणी त्यांना वीर म्हणते, कोणी वेताळ, कोणी म्हसोबा. अनेकांवर शेंदराचे इतके थर चढलेले असतात की खालचे कोरीवकाम हाताला लागते, पण डोळ्यांना दिसत नाही. त्या दगडाबद्दल गावात एक कथा असते, बहुधा दोन असतात, आणि त्या दोन कथा सांगणारी घराणी एकमेकांची कथा मानत नाहीत. असा दगड आणि त्याची कथा नोंदवू इच्छिणाऱ्यांसाठी हे लिहीत आहे. दगड ही एक साक्ष आहे आणि कथा ही दुसरी. या दोन साक्षी वेगवेगळ्या पानांवर लिहाव्यात आणि एकीच्या सोयीसाठी दुसरी वाकवू नये, एवढा नियम पाळला तर बाकीच्या चुका दुरुस्त करता येतात.

सुरुवातीला मी हा नियम पाळला नव्हता. दगडाचे वर्णन आणि ऐकलेली आख्यायिका मी एकाच पानावर सलग लिहीत गेलो. दोन वर्षांनी वही उघडली तेव्हा "घोड्यावरून आलेला वीर" हे शब्द मी दगडावर पाहून लिहिले होते की कोणाच्या तोंडून ऐकून, हे मलाच सांगता येईना. तोपर्यंत त्या दगडावर नव्या शेंदराचा जाड थर बसला होता. तेव्हापासून दगडासाठी एक वही आणि माणसांसाठी दुसरी वही मी ठेवतो.

प्रथम दगड

गावात गेल्यावर लगेच दगडाला हात लावू नये. त्याची पूजा कोण करते, गुरव कोणत्या घराण्याचा आहे, कोणत्या दिवशी तिथे स्त्रियांना किंवा परक्यांना जाऊ देत नाहीत, हे विचारून घ्यावे आणि सरपंच, पोलीसपाटील यांच्या कानावर आपले काम घालावे. यात औपचारिकतेपेक्षा सावधगिरी अधिक आहे. जुन्या दगडाखाली गुप्तधन असते या समजुतीपायी अनेक ठिकाणी वीरगळ उपटले आणि फोडले गेले आहेत, त्यामुळे दगडाभोवती मोजपट्टी घेऊन फिरणाऱ्या अनोळखी माणसाकडे गाव संशयाने पाहते आणि ते योग्यच आहे. गुप्तधन शोधण्याच्या निमित्ताने करणी, भानामती किंवा अघोरी कृत्ये करणे हा महाराष्ट्राच्या २०१३ च्या जादूटोणाविरोधी कायद्यानुसार गुन्हा आहे, हेही माहीत असू द्यावे.

परवानगी मिळाल्यावर उंची, रुंदी आणि जाडी मोजावी, दगडाचे तोंड कोणत्या दिशेला आहे ते लिहावे आणि तो मूळ जागी आहे की रस्ता रुंद करताना किंवा देवळाचा जीर्णोद्धार करताना हलवला, हे विचारावे. हलवलेला दगड आपल्या मूळ जागेची साक्ष गमावून बसतो, म्हणून "आधी कुठे होता" या प्रश्नाचे उत्तर जुन्या माणसांकडून लवकरात लवकर घ्यावे.

वीरगळ नेहमी खालून वर वाचावा. बहुतेक वीरगळांवर तीन किंवा चार चौकटी असतात. सर्वांत खाली लढाई असते किंवा लढून पडलेला वीर आडवा दाखवलेला असतो. त्याच्या वरच्या चौकटीत अप्सरा त्याला स्वर्गाकडे नेतात. त्याहून वर तो शिवलिंगाची पूजा करीत बसलेला असतो. आणि शिखरावर कलश किंवा सूर्यचंद्र कोरलेले असतात, म्हणजे सूर्यचंद्र असेपर्यंत ही कीर्ती टिको. सगळी माहिती खालच्या चौकटीत दडलेली असते, म्हणून तिथे अधिक वेळ द्यावा. गाई दिसल्या तर ते बहुधा गोधन सोडवताना आलेले मरण आहे. वाघ दिसला तर शत्रू माणूस नव्हता. वीराच्या डोक्यावर छत्र धरलेले असेल तर तो दर्जाने मोठा असावा. ढाल-तलवार, भाला, धनुष्य, घोडा यांपैकी काय आहे ते मोजून लिहावे, आणि बंदूक दिसली तर तो दगड यादव-शिलाहार काळातला नाही हे निश्चित समजावे. मुंबईत बोरिवलीजवळच्या एक्सर येथील वीरगळांवर वल्ह्यांच्या जहाजांची रांग आणि समुद्रावरची लढाई कोरलेली आहे. तेराव्या शतकातील यादव महादेव आणि शिलाहार सोमेश्वर यांच्या युद्धाशी त्यांचा संबंध बहुधा जोडला जातो. तो तर्क सबळ असला तरी तर्क आहे, आणि आपल्या वहीतही तर्कापुढे "तर्क" असाच शब्द असावा.

सतीशिळेची खूण म्हणजे कोपरात वाकवून वर उभारलेला, बांगड्या भरलेला स्त्रीचा हात. कधी तो स्वतंत्र दगडावर असतो, कधी पतीच्या वीरगळावरच एका कडेला असतो. इथे शब्दांची फार काळजी घ्यावी लागते. गावात "सती गेली" असे सहज म्हटले जाते. ती गेली की तिला नेले, हे दगड सांगत नाही, म्हणून आपल्या वाक्यातही ते गृहीत धरू नये. १९८७ च्या सतीप्रतिबंधक कायद्याने सतीप्रथेचे उदात्तीकरण हा गुन्हा ठरवला आहे. दगडाची नोंद घेणे वेगळे आणि त्याचे गुणगान करणे वेगळे, हा फरक मजकुरात स्पष्ट दिसला पाहिजे.

तिसरा प्रकार गधेगाळीचा. वर सूर्यचंद्र, मध्ये दानाचा लेख आणि खाली गाढव व स्त्री यांचे चित्र, अशी त्याची ठेवण असते. दिलेले दान जो मोडील त्याला घातलेली ती शिवी आहे आणि कोकणातील शिलाहारांच्या काळात ती विशेष आढळते. गावात मात्र हा दगड अपशकुनी मानून पालथा घातलेला किंवा शेताच्या बांधात गाडलेला सापडतो. त्यावरचे चित्र पाहून लोक संकोचतात. तेव्हा हा जमिनीच्या दानाचा जुना दस्तऐवज आहे असे शांतपणे सांगितले की गाव त्याच्याकडे वेगळ्या नजरेने पाहू लागते, असा माझा अनुभव आहे.

अक्षरे असतील तर

झिजलेली अक्षरे स्पष्ट दिसावीत म्हणून त्यांत खडू, पीठ किंवा रंग भरण्याचा मोह होतो. तो टाळावा. तारेचा ब्रश, आम्ल आणि साबण तर कधीच वापरू नयेत. अंधार पडल्यावर विजेरी दगडाच्या एका कडेला, पृष्ठभागाला जवळजवळ समांतर धरावी आणि दिशा बदलत फोटो घ्यावेत. दुपारच्या उन्हात सपाट वाटणाऱ्या दगडावर अशा तिरप्या उजेडात ओळीच्या ओळी उठून येतात. फोटोत मोजपट्टी ठेवावी. कागदाचा ठसा घेणे हे शिकलेल्या हाताचे काम आहे, ते जाणकारावर सोपवावे. यादवकालीन लेखांत एकाराची मात्रा अक्षराच्या आधी, म्हणजे डावीकडे, उभ्या रेघेसारखी लिहिलेली असते, तिला पडीमात्रा म्हणतात. हे ठाऊक नसेल तर वाचणारा तिला काना समजतो आणि सगळा शब्द चुकतो.

शेंदूर खरवडू नये. तो लोकांच्या श्रद्धेचा भाग आहे, शिवाय पारंपरिक शेंदूर हे शिशाचे संयुग असल्यामुळे त्याची धूळ शरीराला घातक असते. कधी शेंदराची खोळ आपोआप गळून पडते, तेव्हा गावाने कळवावे असे सांगून ठेवावे. वणीच्या सप्तशृंगी देवीच्या मूर्तीवरचे शेंदराचे थर २०२२ साली काढले गेले आणि मूळ रूप दिसू लागले. पण ते काम मंदिर बंद ठेवून, जाणकारांच्या हातून झाले. एकट्या अभ्यासकाने एका दुपारी करण्याचे ते काम नव्हे.

लेखात शकाचा आकडा मिळाला तर त्यात ७८ मिळवल्यावर इसवी सन येते. पौषाच्या उत्तरार्धापासून फाल्गुनापर्यंतच्या तिथींना ७९ मिळवावे लागतात. पडताळ्यासाठी संवत्सराचे, म्हणजे साठ वर्षांच्या चक्रातील त्या वर्षाचे, नाव फार उपयोगी पडते. शकाच्या आकड्यात १२ मिळवून ६० ने भागावे. जी बाकी उरते तो पहिल्या, म्हणजे प्रभव संवत्सरापासून मोजलेला क्रमांक. शके १९४६ घ्या: १९५८ ला ६० ने भागले की ३८ उरतात, आणि अडतिसावा संवत्सर क्रोधी, जो त्या वर्षी पंचांगात होता. अलिबागजवळच्या अक्षी येथील शिलालेखावर हा हिशेब करून पाहण्यासारखा आहे. त्यातील शक ९३४, म्हणजे इसवी सन १०१२, असा वाचला गेला आणि त्यामुळे तो मराठीतील आद्य लेखांमध्ये गणला गेला. पण आकड्यांच्या या वाचनाबद्दल अभ्यासकांत मतभेद आहेत. लेखात संवत्सर "प्रधावी", म्हणजे परिधावी, वाचला जातो. ९३४ मध्ये १२ मिळवून ६० ने भागल्यावर ४६ उरतात आणि परिधावी हा सेहेचाळिसावाच संवत्सर आहे. एवढ्याने वाद मिटला असे मी म्हणणार नाही, कारण झिजलेल्या अक्षरांचे वाचन हाच मूळ प्रश्न आहे. मात्र आपल्या गावातल्या लेखाचा आकडा आणि संवत्सर जुळत नसतील, तर आपण कुठेतरी चुकीचे वाचत असू, ही सूचना त्यातून मिळते.

नंतर माणसे

कथा विचारताना "हा दगड कोणाचा?" या प्रश्नाने आरंभ करू नये. त्या प्रश्नाने माणूस लगेच ठरीव उत्तर देतो आणि मग त्याला ते राखावे लागते. आधी चालीरीत विचारावी. पहिला नारळ कोणाच्या घरचा? नैवेद्य गोडाचा की खारा? नवरानवरी लग्नानंतर इथे येतात का? पोळ्याला बैल आधी इथे आणतात की मारुतीला? पालखी इथे थांबते का, आणि थांबली तर कोण खांदा बदलते? चालीरीतीबद्दल माणूस मोकळेपणाने बोलतो, आणि बोलता बोलता कथा आपोआप येते. ती त्याच्याच बोलीत, त्याच्याच शब्दांत लिहावी. "त्यानं मुंडकं पडल्यावरबी तलवार चालिवली" हे वाक्य शुद्ध करून लिहिले तर त्याची अर्धी साक्ष हरवते. शेवटी, ही कथा तुम्हाला कोणी सांगितली, हे विचारायला विसरू नये.

काही कथा गावोगाव सारख्याच ऐकू येतात. पांडवांनी एका रात्रीत देऊळ बांधायला घेतले आणि कोंबडा आरवला म्हणून ते अपुरे राहिले, ही त्यांपैकी सर्वांत प्रसिद्ध. ती अक्षरशः लिहून घ्यावी, पण त्या गावाच्या इतिहासाचा पुरावा म्हणून वापरू नये. याउलट ज्या गोष्टी दुसऱ्या कुठल्याही गावाला लागू पडणार नाहीत, उदाहरणार्थ एखाद्या शेताचे नाव, एखाद्या आडनावाला असलेली मनाई, एका विशिष्ट तिथीला बंद राहणारे जाते, त्यांच्यावर बोट ठेवून थांबावे. अहिल्यानगर जिल्ह्याच्या पाथर्डी तालुक्यातील नांदूर निंबादैत्य या गावात निंबादैत्याची पूजा होते आणि मारुतीचे देऊळ नाही. मुलाचे नाव मारुती ठेवत नाहीत आणि त्या नावाची मोटारही घेत नाहीत. अशी मनाई पाळणाऱ्या गावात कथेचे तपशील सांगणाऱ्यागणिक बदलले तरी मनाई बदलत नाही, म्हणून नोंदीचा कणा तिच्याभोवती उभारावा.

एकाच आळीत ऐकून परतू नये. पाटलाच्या वाड्यात वीर हा पाटलांचा पूर्वज असतो. गावकुसाबाहेरच्या जुन्या वस्तीत तोच वीर वेस राखताना पडलेला येसकर असतो. धनगरवाड्यावर तो मेंढरे सोडवणारा असतो. गोधनाच्या रक्षणासाठी पडलेल्या माणसाचे घराणे दगडावर लिहिलेले नसेल, तर या तिन्ही कथा नोंदीत समान जागेच्या हक्कदार आहेत. बोलणारा दबून बोलत असेल तर त्याची भेट पारावर घेऊ नये, त्याच्या घरी जावे. स्त्रियांशी वेगळे बोलावे. सासरी आलेली बाई आपल्या माहेरच्या दगडाची कथा अधिक निःसंकोचपणे सांगते, आणि जात्यावरच्या ओव्यांत वीराचे नाव कधी कधी कथेपेक्षा अधिक टिकून राहते. दक्षिण महाराष्ट्रात हेळवी, म्हणजे घराण्यांच्या वंशावळी सांगत फिरणारे लोक, येत असतील तर त्यांच्याकडची वंशावळ अवश्य ऐकावी.

मानपानाचा वाद निघाला तर त्यात न्याय देण्याचा प्रयत्न करू नये. असे वाद जुने आहेत, आणि पूर्वी ते गोतसभेपुढे, म्हणजे वतनदार आणि गावकऱ्यांच्या न्यायसभेपुढे जात; निर्णयाचा महजर, म्हणजे निवाडपत्र, लिहिला जाई आणि त्यावर पाटील आपली खूण म्हणून नांगर काढी. असा कागद एखाद्या घरी असेल तर त्याचा फोटो मागावा, मूळ कागद घेऊन जाऊ नये. पुण्याच्या पुरालेखागारातील पेशवे दप्तरात आणि १९१० साली स्थापन झालेल्या भारत इतिहास संशोधक मंडळात अशा कागदांचे मोठे संग्रह आहेत. गावातल्या गावात तलाठ्याकडचा नकाशा पाहावा. "विराचा माळ", "सतीचा मळा" अशी शेतांची नावे तिथे किंवा लोकांच्या तोंडी सापडतात आणि दगडाची मूळ जागा त्यांवरून कळते.

नोंद पूर्ण झाल्यावर

दगडाचे पान आणि कथांची पाने समोरासमोर ठेवून जुळणी करावी, पण तिसऱ्या, वेगळ्या पानावर. कथेत घोडा आहे आणि दगडावर गाई आहेत, तर दोन्ही तसेच लिहावे. कथा कदाचित शेजारच्या, आता नाहीशा झालेल्या दगडाची असेल. सार्वजनिक ठिकाणी मजकूर देताना निर्जन जागेतल्या दगडाचे नेमके स्थान देऊ नये आणि सांगणाऱ्याचे नाव त्याच्या संमतीशिवाय छापू नये. दगड हलवण्याची किंवा विकण्याची चर्चा कानावर आली तर राज्याच्या पुरातत्त्व विभागाला लेखी कळवावे.

प्रसिद्ध करण्यापूर्वी सगळी नोंद ज्यांनी सांगितली त्यांना मोठ्याने वाचून दाखवावी, आणि तीही प्रत्येक आळीत स्वतंत्रपणे. कोणी "हे असं नव्हतं" म्हटले तर खाडाखोड न करता ते म्हणणे तारखेसह खाली जोडावे. एक प्रत ग्रामपंचायतीत आणि एक शाळेत ठेवावी, आणि तिच्या शेवटी पाच-सहा कोरी पाने शिवून द्यावीत.