ऑर्गॅनोमेटॅलिक रसायनशास्त्रात नव्याने येणाऱ्यांसाठी: हॅप्टिसिटी कशी वाचावी आणि कशी लिहावी

ऑर्गॅनोमेटॅलिक रसायनशास्त्राच्या संशोधनात नव्याने येणाऱ्या विद्यार्थ्यांबरोबर मी बरीच वर्षे काम करत आलो आहे. सुरुवातीच्या काळात त्यांच्या बोलण्यात सर्वांत जास्त वेळा येणारी आणि सर्वांत कमी वेळा तपासली जाणारी संज्ञा कोणती असे कोणी विचारले, तर मी हॅप्टिसिटीचे नाव घेईन. तिची व्याख्या एका वाक्यात मावते, त्यामुळे ती समजली असे लवकर वाटते; परंतु सायक्लोपेंटाडायनाईल (पाच कार्बनांचे वलय) म्हणजे पाच आणि बेंझीन म्हणजे सहा असे पाठांतर घेऊन आलेला विद्यार्थी शोधनिबंध वाचू लागला की लगेच अडखळतो. हॅप्टिसिटी हा लिगँडला, म्हणजे धातूला बांधलेल्या रेणूला किंवा गटाला, कायमचा चिकटलेला गुणधर्म नाही. एका विशिष्ट रेणूत, विशिष्ट अवस्थेत, धातू आणि लिगँड एकमेकांना कसे बांधलेले आहेत याविषयी केलेले ते विधान असते, आणि विधान म्हटले की त्याला पुरावा लागतो.

आधी व्याख्या नीट मांडून घेऊ. लिगँडमधील परस्परांना सलग जोडलेल्या अणूंच्या साखळीपैकी किंवा वलयापैकी जितके अणू एका धातूशी बंधात सहभागी असतात, ती संख्या म्हणजे त्या लिगँडची हॅप्टिसिटी. लिहिताना ईटा हे ग्रीक अक्षर मांडून ती संख्या त्याच्या डोक्यावर लहान अंकात देतात. इथे मी सोयीसाठी ईटा-५ असे लिहीत आहे. १८२७ साली झाईझने वर्णन केलेल्या प्लॅटिनमच्या क्षारात इथिलिनचे दोन्ही कार्बन धातूशी बांधलेले असतात, म्हणून तिथे इथिलिन ईटा-२ आहे. अलाईल गट तिन्ही कार्बनांनी बांधला गेला की ईटा-३, आयर्न ट्रायकार्बोनिलला जोडलेले ब्युटाडाईन ईटा-४, फेरोसीनमधील (लोखंड आणि दोन सायक्लोपेंटाडायनाईल वलये यांच्या संयुगातील) प्रत्येक वलय ईटा-५, बिसबेंझीन क्रोमियममधील बेंझीन ईटा-६ आणि युरेनोसीनमधील आठ कार्बनांचे वलय ईटा-८.

या संज्ञेची गरज का भासली हे फेरोसीनच्या इतिहासावरून चांगले कळते. १९५१ मध्ये कीली आणि पॉसन यांनी हे संयुग प्रसिद्ध केले तेव्हा लोखंडाचा अणू प्रत्येक वलयातील एकाच कार्बनाशी साध्या सिग्मा बंधाने जोडलेला असावा, अशी रचना त्यांनी सुचवली होती. संयुगाचे असामान्य स्थैर्य त्या रचनेत बसत नव्हते. १९५२ मध्ये एकीकडे विल्किन्सन, वुडवर्ड आणि त्यांचे सहकारी, तर दुसरीकडे फिशर आणि फाब यांनी दोन वलयांच्या मध्ये लोखंड असलेली, दहाही कार्बन समान अंतरावर असणारी रचना पुढे आणली. म्हणजे ईटा-१ की ईटा-५ हा वाद शब्द घडण्याच्या आधीच झडून गेला होता. फिशर आणि विल्किन्सन यांना १९७३ चे नोबेल पारितोषिक याच प्रकारच्या संयुगांवरील कामासाठी मिळाले. संज्ञा मात्र एफ. ए. कॉटन यांनी १९६८ मध्ये सुचवली. त्याआधी अशा लिगँडांच्या नावापुढे नुसता ‘पाय’ लावला जात असे, आणि किती अणू बांधले आहेत हे त्यावरून कळत नसे. हे सांगण्याचे कारण व्यावहारिक आहे. सत्तरच्या दशकातील निबंधांत ईटाच्या जागी रोमन ‘एच’ आढळतो, आणि पॅलॅडियमच्या उत्प्रेरणाविषयी बोलताना ‘पाय-अलाईल’ हा जुना प्रयोग आजही सर्रास चालतो. दोन्ही ओळखता आले पाहिजेत.

व्याख्येतील ‘सलग’ या अटीकडे नवखे वाचक सर्वांत कमी लक्ष देतात. इथिलिनडायअमाइन दोन नायट्रोजनांनी धातूला धरते, पण त्या दोन नायट्रोजनांच्या मध्ये दोन कार्बन आहेत आणि ते धातूशी बांधलेले नाहीत. ही हॅप्टिसिटी नव्हे, डेंटिसिटी आहे, आणि तिच्यासाठी कॅपा हे अक्षर वापरतात. एकच लिगँड किती धातूंना जोडतो हा आणखी वेगळा प्रश्न असून त्यासाठी म्यू हे अक्षर आहे. डायकोबाल्ट हेक्झाकार्बोनिलवर बसलेल्या अल्काईनमध्ये दोन्ही चिन्हे एकत्र येतात: अल्काईन दोन कोबाल्टांमध्ये सेतू बांधते म्हणून म्यू, आणि तिचे दोन्ही कार्बन प्रत्येक कोबाल्टशी बांधलेले असतात म्हणून प्रत्येकासाठी ईटा-२.

सीमेवरचे एक उदाहरण मुद्दाम देतो, कारण ते प्रयोगशाळेत रोज हाताळले जाते. ऱ्होडियम क्लोराइडच्या द्विलकात येणाऱ्या १,५-सायक्लोऑक्टाडाईनचे चार कार्बन धातूशी बांधलेले असतात आणि निबंधांत त्याला बहुतेक वेळा ईटा-४ म्हटलेले दिसते. पण त्यातील दोन दुहेरी बंध एकमेकांपासून अलग आहेत, म्हणून काटेकोरपणे पाहता ते दोन स्वतंत्र ईटा-२ आहेत. ब्युटाडाईनचा ईटा-४ हा याहून वेगळा आहे, कारण तिथे चारही कार्बन सलग आहेत आणि धातूशी जोडल्यावर त्यांच्यातील बंधांच्या लांबीही बदलतात. रुळलेल्या लेखनाशी भांडण्यात अर्थ नाही, मात्र मौखिक परीक्षेत हा फरक विचारला गेला तर उत्तर तयार असावे.

आता इलेक्ट्रॉन मोजणीकडे येतो, कारण माझ्या मते खरा गोंधळ इथे होतो. अठरा इलेक्ट्रॉनांचा नियम (धातूचे स्वतःचे आणि लिगँडांनी दिलेले मिळून अठरा इलेक्ट्रॉन झाले की संयुग सहसा स्थिर असते) शिकलेला विद्यार्थी हॅप्टिसिटी ठरवण्यासाठीही तोच नियम वापरू लागतो: बेरीज अठरा येईपर्यंत वलयाचा अंक कमी-जास्त करायचा आणि जो अंक बसेल तो लिहायचा. काही वेळा उत्तर बरोबर येते, आणि तेच या सवयीला बळ देते. बिस(सायक्लोपेंटाडायनाईल)टंगस्टन डायकार्बोनिलमध्ये दोन्ही वलये ईटा-५ मानली तर बेरीज वीस होते. प्रत्यक्षात एक वलय वाकून ईटा-३ झालेले आहे आणि अठरा पूर्ण होतात. रुथेनियमच्या दोन हेक्झामेथिलबेंझीन असलेल्या संकुलातही (संकुल म्हणजे धातू आणि त्याचे लिगँड मिळून झालेला रेणू) तसेच घडते: एक वलय सपाट राहून ईटा-६ असते, दुसरे दुमडून ईटा-४ होते. आता निकेलोसीन घ्या, म्हणजे फेरोसीनसारखेच पण लोखंडाऐवजी निकेल असलेले संयुग. त्यात वीस इलेक्ट्रॉन आहेत, नियमाप्रमाणे एका वलयाने ईटा-३ व्हायला हवे होते, परंतु दोन्ही वलये ईटा-५ च राहतात. जादा इलेक्ट्रॉन बंधविरोधी कक्षकांत जातात आणि धातू-कार्बन अंतर फेरोसीनपेक्षा वाढते. उलट टोकाला टेट्रासायक्लोपेंटाडायनाईल टायटॅनियम आहे, ज्यात दोन वलये ईटा-५ आणि दोन ईटा-१ असून बेरीज सोळाच भरते. मोजणीने शक्यता सुचतात. निर्णय रचनेवरून होतो. शिवाय हॅप्टिसिटीचा अंक आणि लिगँडने दिलेल्या इलेक्ट्रॉनांची संख्या एकच असते असेही नाही. टंगस्टनच्या काही संकुलांत अल्काईन ईटा-२ असूनही चार इलेक्ट्रॉन देते.

निर्णय रचनेवरून होतो असे म्हटले, तरी स्फटिकरचनेचे चित्र आणि स्फटिकरचना या दोन गोष्टी वेगळ्या आहेत. चित्र काढणारी प्रणाली ठरावीक अंतराच्या आत आलेल्या अणूंमध्ये आपोआप रेघ ओढते, त्यामुळे चित्रात पाच रेघा दिसल्या म्हणून ईटा-५ सिद्ध होत नाही आणि तीनच दिसल्या म्हणून ईटा-३ ही सिद्ध होत नाही. अंतरांचा तक्ता उघडावा. फेरोसीनमध्ये लोखंड आणि कार्बन यांच्यातील दहाही अंतरे सुमारे २.०५ अँगस्ट्रॉम आहेत आणि वलय सपाट आहे. वलय सरकू लागले की दोन कार्बन दूर जातात, उरलेल्या तिघांच्या प्रतलापासून ते किंचित वाकतात आणि त्या दोघांमधील बंध आखूड होऊन दुहेरी बंधासारखा वागू लागतो. ही तीनही लक्षणे एकत्र दिसली तर ईटा-३ म्हणायला मी तयार होतो. नुसता अंतरांतील लहानसा फरक पुरेसा नाही, कारण इंडेनाईल लिगँड (सहा कार्बनांच्या वलयाशी दोन सामाईक कार्बनांनी जोडलेले पाच कार्बनांचे वलय) अगदी सामान्य ईटा-५ अवस्थेतही दोन जोडकार्बनांकडून थोडा लांब बसलेला असतो. दोन अंकांच्या मध्ये कुठेतरी असलेल्या रचना खऱ्याखुऱ्या असतात. अशा वेळी एक अंक ठोकून देण्यापेक्षा अंतरे लिहून वाचकासमोर ठेवणे अधिक प्रामाणिक ठरते.

द्रावणातील वर्तन हा आणखी एक थर आहे आणि त्यासाठी एनएमआर, म्हणजे चुंबकीय क्षेत्रात अणुकेंद्रकांचे सिग्नल मोजण्याचे तंत्र, लागतो. फेरोसीनचे दहाही प्रोटॉन एकच सिग्नल देतात हे खरे, पण एकच सिग्नल आला म्हणून वलय ईटा-५ आहे असा उलटा निष्कर्ष निघत नाही. लोखंडाचे एक संकुल याचे अभिजात उदाहरण आहे: त्यात दोन कार्बोनिल गट, एक ईटा-५ वलय आणि एक ईटा-१ वलय आहे. खोलीच्या तापमानाला दोन्ही वलये प्रत्येकी एकच तीक्ष्ण सिग्नल देतात, कारण ईटा-१ वलयात लोखंड एका कार्बनावरून शेजारच्या कार्बनावर इतक्या वेगाने सरकत असते की पाचही प्रोटॉन सारखे भासतात. तापमान पुष्कळ खाली नेले की ईटा-५ चा सिग्नल तसाच राहतो आणि ईटा-१ चा सिग्नल रुंदावून अखेर फुटतो. अलाईल संकुलांतही ईटा-३ अवस्थेत टोकाच्या कार्बनांवरील सिन आणि अँटी प्रोटॉन (मधल्या कार्बनावरील हायड्रोजनाच्या बाजूचे आणि विरुद्ध बाजूचे) वेगवेगळे दिसतात, आणि रेणू अधूनमधून ईटा-१ होऊन परतत असेल तर तापमान वाढवल्यावर ते एकमेकांत मिसळतात. त्यामुळे नवीन संकुलाचा एकाच तापमानाचा स्पेक्ट्रम घेऊन हॅप्टिसिटी लिहिणाऱ्याला मी परत पाठवतो.

हॅप्टिसिटी बदलू शकते हीच गोष्ट अभिक्रियांच्या यंत्रणेत उपयोगी पडते. अठरा इलेक्ट्रॉन पूर्ण असलेल्या धातूला नवीन लिगँड स्वीकारायला जागा नसते. परंतु ईटा-५ वलय क्षणभर ईटा-३ झाले की दोन इलेक्ट्रॉनांची जागा मोकळी होते, नवा लिगँड आत येतो, जुना बाहेर पडतो आणि वलय पुन्हा ईटा-५ होते. इंडेनाईलमध्ये हे फार सोपे जाते, कारण वलय सरकल्यावर शेजारच्या सहा कार्बनांच्या वलयाला पूर्ण ॲरोमॅटिकपणा मिळतो. बासोलो यांच्या गटाने १९८३ मध्ये ऱ्होडियमच्या डायकार्बोनिल संकुलांची तुलना केली, तेव्हा इंडेनाईल असलेल्या संकुलात कार्बोनिलची अदलाबदल सायक्लोपेंटाडायनाईल असलेल्या संकुलाच्या सुमारे दहा कोटी पट वेगाने झाल्याचे आढळले. यालाच इंडेनाईल परिणाम म्हणतात. मात्र अशा अभिक्रियेत मधल्या अवस्थेचा ईटा-३ बहुधा गतिशास्त्रावरून अनुमानित केलेला असतो, हे वाचताना ध्यानात ठेवावे. स्फटिकात मोजलेला ईटा-३ आणि यंत्रणेच्या आकृतीतला ईटा-३ यांच्यामागचा पुरावा एकाच वजनाचा नसतो.

लेखनाबद्दल थोडे. एकाच अणूने बांधलेल्या लिगँडसाठी ईटा-१ वापरू नये, कॅपा वापरावे, अशी आययूपॅक या रसायनशास्त्राच्या आंतरराष्ट्रीय संघटनेची २००५ ची शिफारस आहे. तरीही सायक्लोपेंटाडायनाईल किंवा अलाईल यांची एकाच कार्बनाने बांधलेली अवस्था दाखवताना ईटा-१ लिहिण्याची प्रथा टिकून आहे आणि मला ती सोयीची वाटते, कारण ईटा-५ शी असलेली तुलना लगेच दिसते. साध्या कार्बोनिल, फॉस्फीन किंवा मेथिल गटापुढे मात्र ईटा लावू नये. मोठ्या वलयाचा काही भागच बांधलेला असेल तर कोणते अणू बांधले आहेत तेही सांगावे: आयर्न ट्रायकार्बोनिलवरील सायक्लोऑक्टाटेट्राईन आठपैकी चारच कार्बनांनी बांधलेले असते, म्हणून पूर्ण नावात ईटाच्या आधी १ ते ४ हे स्थानांक येतात. आकृती काढताना धातूपासून वलयाच्या मध्याकडे एक रेघ ओढण्याची पद्धत ईटा-५ आणि ईटा-६ साठी ठीक आहे, पण सरकलेल्या वलयासाठी ती दिशाभूल करते; तिथे बांधलेले कार्बन आणि सुटा राहिलेला दुहेरी बंध वेगळे दाखवावेत. प्रबंधात प्रत्येक नव्या संकुलाच्या वर्णनात हॅप्टिसिटीच्या अंकाबरोबरच तो घन अवस्थेतील मापनावरून लिहिला आहे, द्रावणातील स्पेक्ट्रमवरून की गणनेवरून, हे त्याच वाक्यात नोंदवावे, कारण परीक्षकाचा पहिला प्रश्न बहुतेक वेळा तोच असतो.