कोल्हापूर संस्थानाच्या काळात आपलं गाव कुणाच्या अमलाखाली होतं आणि लोक किती होते, हे कसं शोधायचं

गावाचा इतिहास लिहायला घेतलेली बरीच पोरं थेट लोकसंख्येच्या आकड्याला हात घालतात, मीपण तेच केलेलं. आईचं माहेर आजऱ्याकडं, तर त्या गावाचं नाव मी गडहिंग्लज पेट्याच्या (म्हणजे तेव्हाच्या तालुक्याच्या) यादीत शोधत बसलो, दोन दिवस गेले आणि गाव काही सापडेना, कारण तो भाग तेव्हा इचलकरंजी जहागिरीत होता. म्हणून सांगतो, आधी अंमल बघा, आकडा मागनं.

कोल्हापूर संस्थानात आजच्या तालुक्याला पेटा म्हणायचे. जुन्या इंग्रजी गॅझेटियरमध्ये (मुंबई इलाख्याच्या मालिकेतला २४ वा खंड, १८८६ चा) सहा पेटे आहेत, करवीर, पन्हाळा, शिरोळ, आळते, गडहिंग्लज आणि भुदरगड. यातलं आळते म्हणजे पुढं हातकणंगले झालं, त्यामुळं तिकडच्या लोकांनी 'हातकणंगले' शोधून मिळत नाही म्हणून सोडून देऊ नका. पेट्यांशिवाय मग जहागिऱ्या, विशाळगड, बावडा, कागल, इचलकरंजी या मोठ्या, आणि कापशी, तोरगल वगैरे. तिथला रोजचा कारभार आणि वसुली जहागीरदाराकडं. शाहूवाडीकडचं गाव असेल तर विशाळगड बघा (त्यांची गादी मलकापूरला), गगनबावड्याचं असेल तर बावडा, आणि कागलकरांना तर सांगायलाच नको. चंदगडवाल्यांनी मात्र कोल्हापूरचे कागद उकरत बसू नका, तो तालुका १९५६ पर्यंत बेळगाव जिल्ह्यात होता, तुमचं काम तिकडच्या दप्तरात. याच्या उलट रायबाग संस्थानातलं होतं पण आज कर्नाटकात आहे. थोडक्यात आजचे १२ तालुके घेऊन मागं जाता येत नाही, हद्दी जुळतच नाहीत.

आता आकडे. गॅझेटियरमधले आकडे १८८१ च्या शिरगणतीवरचे, म्हणजे जनगणनेवरचे. पूर्ण संस्थानाचे पुढचे आकडे असे, १९०१ ला ९,१०,०११, १९३१ ला ९,५७,१३७ आणि १९४१ ला १०,९२,०४६. हे नीट बघा राव, तीस वर्षांत जेमतेम ४७ हजार वाढले आणि नंतरच्या दहा वर्षांत एकदम १ लाख ३५ हजाराच्या आसपास. मधल्या काळात प्लेग होता, १९१८ चा इन्फ्लुएन्झा होता, गावंच्या गावं माळावर झोपड्या मारून राहिलीत. आपल्या गावाचा आकडा एखाद्या दशकात खाली गेलेला दिसला तर टायपिंगची चूक समजून पुढं जाऊ नका, घरातल्या म्हाताऱ्या माणसाला विचारा, त्यांच्या आज्जीकडनं ऐकलेलं काहीतरी निघतंयच.

अजून एक गोष्ट लई महत्त्वाची. १९३१ पर्यंत शिरगणती एका ठरलेल्या रात्री व्हायची, त्या रात्री जो जिथं असेल तिथं तो मोजला जायचा. आणि ती रात्र फेब्रुवारी नाहीतर मार्चमधली, म्हणजे आपल्याकडं गुऱ्हाळाचा हंगाम. बाहेरनं आलेले गुळवे (गूळ करणारे), चुलवाण म्हणजे गुऱ्हाळाची चूल बघणारे, फडावरची माणसं, सगळी त्या गावात धरली असणार, आणि त्यांच्या मूळ गावात तेवढी कमी. लहान गावात वीस-पंचवीस माणसांनी केवढा फरक पडतो.

गाववार आकडे पाहिजे असतील तर १९५१ ची जिल्हा जनगणना पुस्तिका सगळ्यात सोपी, त्यात प्रत्येक गाव आहे. संस्थान १ मार्च १९४९ ला विलीन झालं, म्हणजे ही पुस्तिका त्यानंतर दोनच वर्षांची, त्यामुळं जुन्या काळाच्या जवळची आहे. जनगणना खात्याच्या साइटवर स्कॅन बघा, नाही मिळालं तर करवीर नगर वाचन मंदिरात किंवा शिवाजी विद्यापीठाच्या खर्डेकर ग्रंथालयात चौकशी करा.

माणसांची नावं पाहिजेत तर तहसील कचेरीत गाव नमुना १४, म्हणजे आपण ज्याला कोतवाल बुक म्हणतो ते, जन्म-मृत्यूच्या नोंदी त्यात असतात. बरेच जुने कागद मोडी लिपीत आहेत, अंदाजानं वाचू नका, जाणकाराकडनं वाचून घ्या. कुलकर्ण्याच्या हातचे कागद आणि तलाठ्याचे कागद यात फरक दिसेल, कारण शाहू महाराजांनी १९१८ ला कुलकर्णी वतन बंद करून पगारी तलाठी नेमले. माझ्या मते गावगाड्याच्या कारभारातला हा सगळ्यात मोठा बदल, गावाचं दप्तर एका घराच्या ताब्यातनं सुटलं. तुमच्या गावात त्या आधी दप्तर कुठल्या वाड्यात असायचं तेपण विचारून लिहून ठेवा.

सनाचं तेवढं सांभाळा. कागदावर फसली सन (जुनं महसुली वर्ष) असेल तर इसवी सन काढायला ५९० मिळवायचे, फसली १३११ म्हणजे १९०१-०२. ते वर्ष जूनमध्ये मृगाला सुरू होतंय, म्हणून जानेवारी ते मेपर्यंतची नोंद असेल तर ५९१ धरा. आणि प्रत्येक आकड्याशेजारी तीन गोष्टी लगेच लिहा, कुठला सन, कुठला पेटा का जहागीर, आणि कुठल्या कागदावरनं घेतला, कारण सहा महिन्यांनी वही उघडली की आकडा तेवढा दिसतो आणि तो कुठला होता ते आठवत नाही.