क्रॉस्बी, स्टिल्स अँड नॅश कसे ऐकावे

डेव्हिड क्रॉस्बी, स्टीफन स्टिल्स आणि ग्रॅहम नॅश या अमेरिकी-ब्रिटिश त्रयीची कारकीर्द समजून घ्यायची असेल, तर गाजलेल्या गाण्यांच्या संकलनापासून सुरुवात करू नये. संकलनात सगळी गाणी एकाच तोलाची वाटतात आणि मुख्य गोष्ट निसटते. ध्वनिमुद्रणाच्या वेळी कोण कोणाबरोबर गायला उभे होते, यावरच या बँडचे चढउतार ठरत गेले. म्हणून अल्बम कालक्रमाने लावावेत आणि प्रत्येक गाण्यात एवढेच पाहावे, की आता किती जण गात आहेत आणि ते कोण आहेत.

त्यासाठी आधी तिन्ही आवाज वेगवेगळे ओळखता यायला हवेत. एकल गायनाला सरावलेला कान आपोआप सर्वांत वरच्या सुरामागे जातो. तो सूर बहुधा नॅशचा असतो; ‘हॉलीज’ या इंग्लिश बँडमध्ये घडलेला हा आवाज उंच, स्वच्छ आणि सहज सापडणारा आहे. ‘बफेलो स्प्रिंगफील्ड’ या बँडमधून आलेल्या स्टिल्सच्या आवाजात ब्लूज या संगीतशैलीची खरखर आहे. खरी कसोटी क्रॉस्बीची. ‘बर्ड्स’मधून आलेला हा गायक बहुतेक वेळा मधला सूर धरतो आणि तो इतका बेमालूम मिसळतो, की असताना जाणवत नाही, मात्र काढून घेतला तर गाणे पोकळ वाटेल.

हेडफोन लावून १९६९च्या पहिल्या अल्बममधील ‘ग्विनेव्हीर’ आधी ऐकावे. त्यात क्रॉस्बी आणि नॅश हे दोघेच गातात, त्यामुळे क्रॉस्बीचा आवाज कानात पक्का बसतो. त्यानंतर त्याच अल्बमच्या आरंभी असलेल्या, सात मिनिटांहून लांब ‘स्वीट: ज्यूडी ब्लू आइज’कडे वळावे आणि ते तीनदा ऐकावे: एकदा केवळ नॅशच्या मागे जात, एकदा स्टिल्सच्या आणि अखेरीस क्रॉस्बीच्या. अनेक भाग जोडून रचलेल्या या गाण्याच्या शेवटी आवाज अर्थहीन अक्षरांवर एकमेकांवर चढत जातात. तिथे शब्दांकडे लक्ष द्यावे लागत नसल्याने सुरांची रचना सर्वांत स्पष्ट कळते. या अल्बममधील बहुतेक वाद्ये एकट्या स्टिल्सने वाजवली आहेत, हेही ध्यानात ठेवावे, कारण पुढच्या ताणतणावांचे मूळ काही अंशी या असमतोलात असावे असे मला वाटते.

१९६९मध्ये कॅनेडियन गायक-गिटारवादक नील यंग बँडमध्ये आला आणि चौघांचा ‘देजा व्हू’ १९७०मध्ये निघाला. तो प्रचंड खपला, पण तो ऐकताना एकट्याने गायलेल्या गाण्यांवर खूण करावी. ‘ऑलमोस्ट कट माय हेअर’मध्ये क्रॉस्बी एकटाच गातो, ‘फोर अँड ट्वेंटी’मध्ये स्टिल्स आणि त्याची गिटार एवढेच आहे, त्यांच्याशेजारी ‘कॅरी ऑन’ ठेवले, की एकाच तबकडीवर बँड जुळलेलाही दिसतो आणि विखुरलेलाही.

त्याच वर्षी ४ मे रोजी अमेरिकेतील ओहायो राज्यातल्या केंट स्टेट विद्यापीठात नॅशनल गार्ड या राखीव सैन्यदलाच्या गोळीबारात चार विद्यार्थी मरण पावले आणि यंगने ‘ओहायो’ हे गाणे लिहिले. त्याच्या शेवटी क्रॉस्बीचा आवाज मेळ सोडून आक्रोशाकडे जातो. ज्याने आयुष्यभर मधला सूर सांभाळला, त्याने तो सोडणे काय असते, हे आधी सांगितलेला सराव केल्यावर लगेच समजते.

१९७१चा ‘फोर वे स्ट्रीट’ हा मैफलींचा अल्बम आहे. त्याचा ध्वनिक गिटारींचा पहिला भाग पुरेसा आहे. विद्युत गिटारींचा दुसरा भाग लांबलचक वादनाची आवड असेल तरच ऐकावा. एकल अल्बम तूर्त बाजूला ठेवले तरी चालतील.

१९७७च्या ‘सीएसएन’ (तिघांच्या आडनावांची आद्याक्षरे) या अल्बममध्ये तिघे पुन्हा एकत्र गायले, पहिल्या अल्बमनंतर माझी पसंती यालाच आहे. १९८२च्या ‘डेलाइट अगेन’ने मात्र कानाची परीक्षा घ्यावी. हे काम मुळात स्टिल्स आणि नॅश यांनी सुरू केले होते, क्रॉस्बी उशिरा सामील झाला आणि काही ठिकाणी टिमथी बी. श्मिट व आर्ट गारफंकल या बाहेरच्या गायकांचे आवाज वापरले गेले. श्रेयनामावली न पाहता प्रत्येक गाण्यात क्रॉस्बी आहे की नाही ते कागदावर लिहावे आणि मग ती नामावली उघडून ताडून पाहावे.