नायजेरियाच्या सैन्याचे रणगाडे छायाचित्रावरून कसे ओळखावेत

महूची लष्करी छावणी इंदूरच्या इतकी जवळ असल्यामुळे आपल्याकडच्या मराठी घरांत सैन्यदलाविषयी आस्था आहे, आणि एसएसबीची, म्हणजे सैन्याधिकारी निवडीच्या मुलाखतीची, तयारी करणारी रामबाग, राजवाडा परिसरातील मुले शस्त्रसामग्रीची छायाचित्रे आवडीने जमवतात. मात्र त्या छायाचित्रांखालील मजकूर पुष्कळदा चुकीचा असतो. म्हणून चित्र पाहून वाहन स्वतः ओळखण्याची सवय लावून घ्यावी, आणि त्यासाठी नायजेरियाच्या सैन्यापासून सुरुवात करावी, असे मी सुचवतो. ब्रिटिश, सोव्हिएत, फ्रेंच, चिनी आणि स्वदेशी बनावटीची वाहने त्या एकाच सैन्यात पाहायला मिळतात. शिवाय हा देश आपल्याला परका नाही. कडुना येथील नायजेरियन डिफेन्स अकॅडमी १९६४ मध्ये भारतीय अधिकाऱ्यांच्या साहाय्याने उभी राहिली, आणि पुढे राष्ट्राध्यक्ष झालेले ओबासान्जो आणि बुहारी हे दोघेही तमिळनाडूतील वेलिंग्टनच्या स्टाफ कॉलेजात शिकून गेले.

सर्वप्रथम छायाचित्राची उपलब्ध असलेली सर्वांत मोठी प्रत मिळवावी आणि खालचा मजकूर कागदाने झाकावा. नाव आधी वाचले की डोळे तेच शोधू लागतात. त्यानंतर खालून वर या क्रमाने पाहावे: आधी चाके, मग तोफेची नळी, मग टरेट (तोफ बसवलेला फिरता मनोरा), आणि ध्वज किंवा क्रमांक सर्वांत शेवटी. रंग आणि खुणा एका दिवसात बदलता येतात, चाकांची मांडणी मात्र सहसा बदलत नाही.

पट्ट्यांवर चालणाऱ्या वाहनांत एका बाजूची मोठी चाके मोजावीत. टी-५५ ची चाके पाच असून पहिल्या आणि दुसऱ्या चाकात ठळक मोकळी जागा असते. त्याच्या १०० मिलिमीटर तोफेवरील, बारुदाचा धूर बाहेर टाकणारा फुगीर भाग नळीच्या अगदी टोकाला असतो. एवढ्या दोन खुणांवर नायजेरियाच्या रणगाड्यांत टी-५५ निश्चित करता येतो. सहा चाके दिसली तर अधिक काळजी घ्यावी लागते, कारण व्हिकर्स मार्क ३, टी-७२ आणि चिनी व्हीटी-४ या तिघांनाही सहाच चाके आहेत. व्हिकर्सची १०५ मिलिमीटर तोफ तुलनेने सडपातळ असून तिचा फुगीर भाग नळीच्या मध्याच्या आसपास असतो. टी-७२ चे टरेट बुटके आणि घुमटाकार असते. नायजेरियाने २०१४-१५ च्या सुमारास घेतलेल्या टी-७२ एव्ही प्रकारावर स्फोटक चिलखताच्या (आदळणाऱ्या माऱ्याचा जोर स्वतः फुटून कमी करणाऱ्या) लहान विटा ओळीने बसवलेल्या स्पष्ट दिसतात. एप्रिल २०२० मध्ये लागोसला उतरवलेल्या व्हीटी-४ च्या टरेटचा पुढचा भाग सपाट पत्र्यांचा आणि कोनाकृती आहे. व्हीटी-४ पाकिस्तानकडेही असल्याने तो ओळखता येणे आपल्या वाचकाला विशेष उपयोगी आहे.

व्हिकर्स मार्क ३ वर मी मुद्दाम थांबतो. आपला विजयंता रणगाडा हा व्हिकर्सच्याच मार्क १ आराखड्यावर अवडी येथे तयार झाला, त्यामुळे दोघांचा सांगाडा एकाच घराण्याचा आहे. देशातील अनेक शहरांत आणि छावण्यांत विजयंता स्मारक म्हणून ठेवलेला दिसतो. असा रणगाडा सार्वजनिक जागी आढळला तर त्याच्या टरेटची पुढची बाजू नीट पाहावी. तेथे सरळ पत्रे वेल्डिंगने जोडलेले आहेत, तर मार्क ३ मध्ये पुढचा भाग ओतीव असल्याने त्याला गोलाई आली आहे. हा फरक एकदा प्रत्यक्ष पाहिला की नायजेरियन रणगाडा ओळखायला क्षणही लागत नाही. महूच्या लष्करी हद्दीत मात्र सरावासाठी कॅमेरा काढू नये. २६ जानेवारीच्या संचलनाची प्रसिद्ध झालेली छायाचित्रे त्यासाठी पुरेशी आहेत.

प्रत्येक मोठी तोफ म्हणजे रणगाडा नव्हे. नायजेरियाने घेतलेली इटालियन पाल्मारिया ही स्वतःच्या इंजिनावर चालणाऱ्या वाहनावर बसवलेली १५५ मिलिमीटरची तोफ असून तिला सात चाके आणि अवाढव्य, उंच टरेट आहे. बातम्यांत तिला सर्रास रणगाडा म्हटले जाते. चार नळ्यांची विमानवेधी शिल्का आपल्याच सैन्यात असल्याने ती सांगावी लागू नये.

रबरी चाकांच्या वाहनांत दोन्ही बाजूंची मिळून संख्या घ्यावी. चार चाके आणि लहानखुरे टरेट असेल तर फ्रेंच पानार एएमएल असण्याचा संभव मोठा. तोफ लांब असेल तर ९० मिलिमीटरचे एएमएल-९०, आखूड उखळी तोफ असेल तर एएमएल-६०. सहा चाके आणि ७६ मिलिमीटरची तोफ असलेले सॅलडिन १९६७ ते १९७० च्या बियाफ्रा युद्धातील चित्रांत सापडते. आठ चाकांवर १०५ मिलिमीटरची तोफ असलेले एसटी-१ हे व्हीटी-४ बरोबर आलेले चिनी वाहन आहे. सुरुंगरोधक वाहने समोरून पाहावीत: तळ इंग्रजी व्ही अक्षरासारखा निमुळता असतो, म्हणजे स्फोटाचा जोर दोन्ही बाजूंना वाटला जातो. बोर्नो प्रांतात रस्त्यांवर पेरलेल्या स्फोटकांमुळे या वाहनांची गरज वाढली, आणि २०१९ मध्ये डायकॉन या तेथील सरकारी कारखान्याने ‘एझुग्वू’ नावाचे स्वदेशी वाहनही सादर केले.

वाहन ओळखले म्हणजे ते कोणाचे हे कळले, असे कृपया समजू नये. बोको हराम ही दहशतवादी संघटना आणि तिच्यातून फुटलेल्या गटांनी नायजेरियन सैन्याची वाहने अनेकदा पळवली आहेत, आणि चाड व नायजर यांच्या तुकड्याही २०१५ मध्ये नायजेरियाच्या हद्दीत लढल्या. एएमएल-९० तर या दोन्ही देशांकडे आहे. म्हणून मालकी ठरवताना हिरवा-पांढरा-हिरवा ध्वज, सैनिकांचा गणवेश आणि छायाचित्राची सर्वांत जुनी उपलब्ध तारीख यांपैकी किमान दोन गोष्टी जुळल्या पाहिजेत. तारीख शोधण्यासाठी तेच चित्र इंटरनेटवर उलट शोधून पाहावे. २०१२ मध्ये प्रसिद्ध झालेल्या चित्रातील रणगाडा २०२० ला आलेला व्हीटी-४ असू शकत नाही.

वहीत प्रत्येक चित्रासाठी एक पान ठेवावे आणि चौकटीच्या कागदावर वाहनाची बाह्यरेषा हाताने काढावी. खाली चाकांची संख्या, नळीवरील फुगीर भागाची जागा आणि टरेटचा आकार लिहून नावापुढे ‘निश्चित’, ‘संभाव्य’ किंवा ‘अनिश्चित’ अशी नोंद करावी. मालकीची नोंद वेगळ्या ओळीत ठेवावी, कारण वाहन ‘निश्चित’ आणि मालक ‘अनिश्चित’ असे पुष्कळ पानांवर लिहावे लागते.